विंदा करंदीकर इंग्रजीचे प्राध्यापक होते, मग त्यांनी कविता मराठीत का लिहिली? त्यांच्या आयुष्याविषयी आणि कारकिर्दीविषयी सांगाल का?

मी इंग्रजी साहित्य घेऊन बी.ए. केलं. अभ्यासाला शेक्सपिअरचं 'किंग लिअर' हे नाटक होतं. टिपा वाचूनही पान पुढे सरकत नव्हतं, तेव्हा ग्रंथालयात विंदांनी केलेलं त्याचं मराठी भाषांतर, 'राजा लिअर', हाताला लागलं. वादळात उघड्यावर भरकटणारा तो म्हातारा राजा मला पहिल्यांदा कळला तो मराठीतून. तोवर विंदा म्हणजे माझ्यासाठी शाळेत पाठ केलेली 'घेता' ही कविता आणि 'राणीची बाग' एवढेच होते. त्यामुळे तुमचा प्रश्न वाचल्यावर उत्तर द्यावंसं वाटलं.

गोविंद विनायक करंदीकर यांचा जन्म २३ ऑगस्ट १९१८ रोजी देवगड तालुक्यातल्या धालवली गावचा. कोकणातून ते शिकायला कोल्हापूरला गेले, पुढे इंग्रजीचे प्राध्यापक झाले आणि मुंबईत रुइया, एस.आय.ई.एस. अशा महाविद्यालयांत त्यांनी शिकवलं. पहिला संग्रह 'स्वेदगंगा' १९४९ चा. नावातच घाम आहे. मार्क्सवादाची ओढ त्यात उघड दिसते. पण ते कुठल्याही एका विचाराच्या दावणीला बांधून राहिले नाहीत. 'मृद्गंध', 'धृपद', 'जातक' असे पुढचे संग्रह पाहिले तर प्रत्येक वेळी कवी नव्या जागी उभा असलेला दिसतो.

आता तुमचा मुख्य प्रश्न. इंग्रजी शिकवणारा मराठीत लिहितो यात आपल्याकडे नवल नाही. मर्ढेकर काही काळ इंग्रजीच शिकवत होते, नेमाडेही इंग्रजीचेच प्राध्यापक. विंदांच्या बाबतीत मात्र मला वाटतं की वर्ग आणि कविता या दोन वेगळ्या खोल्या नव्हत्याच. जे इंग्रजीतून वाचलं, शिकवलं, ते मराठीत आणल्याशिवाय त्यांना चैन पडत नसावी. ॲरिस्टॉटलचं काव्यशास्त्र त्यांनी मराठीत आणलं, जर्मन कवी गटेच्या 'फाउस्ट'चा पहिला भाग आणला, मग लिअर. यातलं एकेक काम म्हणजे वर्षांची मेहनत. भाषांतर करणाऱ्याला मूळ ओळीचा प्रत्येक शब्द चिमटीत धरून पाहावा लागतो, आणि ती सवय त्यांच्या स्वतःच्या कवितेत उतरली आहे. त्यांचा शब्द सैल सापडत नाही.

सुनीत (सॉनेट, चौदा ओळींची कविता) हा इंग्रजीच्या वाटेने मराठीत आलेला प्रकार. विंदांनी तो घेतला आणि मोकळा करून 'मुक्तसुनीत' लिहिलं. त्याच हाताने त्यांनी तबल्यातले ताल घेऊन 'तालचित्रं' लिहिली, संतांचा अभंग घेऊन 'आततायी अभंग' लिहिले. हे सगळं एकाच माणसाने केलं, हे मला आजही थक्क करतं. (आणि मुलांसाठी लिहिताना हाच माणूस पिशीमावशी आणि तिची भुतावळ उभी करतो!)

१९८१ मध्ये त्यांनी ज्ञानेश्वरांचा 'अमृतानुभव' आजच्या मराठीत आणला. माझ्या मते त्यांच्या कारकिर्दीतली ही फार मोलाची गोष्ट आहे, आणि तिच्याविषयी सर्वांत कमी बोललं जातं. शेक्सपिअर मराठी वाचकाला परका, म्हणून त्याचं भाषांतर. पण सातशे वर्षांत आपला ज्ञानेश्वरही आपल्याला कठीण होऊन बसला आहे, हे त्यांनी ओळखलं. 'अष्टदर्शने'त तर देकार्त, स्पिनोझा, कांट, हेगेल यांच्यासारखे पाश्चात्त्य तत्त्वज्ञ मराठी पद्यात येतात आणि त्यांच्या पंगतीला आपला चार्वाकही बसतो. इंग्रजीच्या प्राध्यापकाने मराठीला काय दिलं, असं कुणी विचारलं तर मी हेच पुस्तक पुढे करेन.

उलट दिशेनेही ते गेले. स्वतःच्या कवितांची इंग्रजी भाषांतरं त्यांनी स्वतःच केली. म्हणजे इंग्रजीत लिहिणं त्यांना अवघड होतं असं नव्हे. कविता सुचायची मात्र मराठीतच.

वसंत बापट आणि मंगेश पाडगावकर यांच्याबरोबर त्यांनी गावोगाव काव्यवाचनं केली. कवितेसाठी सभागृह भरतं, हे त्या तिघांनी महाराष्ट्राला दाखवलं. पुढे २००३ सालचं ज्ञानपीठ त्यांना मिळालं. खांडेकर आणि कुसुमाग्रज यांच्यानंतर हा मान मिळालेले ते तिसरे मराठी साहित्यिक. पुरस्कारांच्या रकमा ते सार्वजनिक कामांना देऊन टाकत. १४ मार्च २०१० रोजी मुंबईत त्यांचं निधन झालं.

वाचायला सुरुवात करायची असेल तर पाडगावकरांनी निवडलेल्या कवितांचा 'संहिता' हा संग्रह घ्या. प्रेमकविता हव्या असतील तर विजया राजाध्यक्ष यांनी संपादित केलेला 'आदिमाया'. आणि 'झपताल' ही कविता कुठेही मिळाली तरी मोठ्याने वाचा. पहाटेपासून घरात झपाझपा वावरणाऱ्या बाईची ती कविता आहे. मी ती आईला वाचून दाखवली होती. तिने हातातलं काम थांबवलं आणि म्हणाली, "परत वाच."