नेदरलँड्समध्ये माइम (मूकाभिनय) शिकलेली अभिनेत्री बोलक्या नाटक-सिनेमात कशी काय जाते?

माइम म्हटलं की पांढरा रंग फासलेला चेहरा आणि हवेतली न दिसणारी भिंत, हे चित्र आपल्या डोक्यात फ्रेंच मूकाभिनेता मार्सेल मार्सोमुळे बसलंय. डच माइम तसं नाही. त्याचं मूळ मार्सोच्याच गुरूंकडे, पॅरिसच्या एतियेन दक्रू (१८९८–१९९१) यांच्याकडे जातं. चेहरा चुगलखोर असतो, खरा अभिनय धडातून येतो, असं त्यांचं साधारण मत. म्हणून ते कधीकधी नटांचे चेहरे चक्क झाकून टाकत! त्यांच्याकडे शिकलेल्या विल स्पोर आणि यान ब्रोंक यांनी ही विद्या हॉलंडात नेली. आज ॲम्स्टरडॅमच्या नाट्य-नृत्य अकादमीत माइमचा चार वर्षांचा स्वतंत्र पदवी अभ्यासक्रम आहे.

तिथे बोलायला बंदी नसते. संहितेऐवजी शरीर, जागा आणि वेळ यांपासून सुरुवात करायची, आपला प्रयोग आपणच रचायचा. त्यामुळे ती मुलगी आधी छोट्या नाट्यसंघात घडते, मग मोठ्या रंगमंचावर किंवा मालिका-सिनेमात जाते. कॅमेऱ्यासमोर तर स्थिर उभं राहता येणं हेच अर्धं काम. बोलण्याची तालीम मात्र तिला जास्त करावी लागत असेल, असं आपलं मला वाटतं.