उत्पन्नाचा दाखला आणि लाभाचा पुरावा : शेतकऱ्यांच्या प्रश्नांना उत्तरे

खरिपाची तयारी आणि मुलांचे प्रवेश एकाच वेळी सुरू होत असल्याने या दिवसांत कृषी कार्यालयाकडे दाखल्यांविषयी बरीच विचारणा होते. या वेळी आलेले प्रश्न असे : मुलीच्या शिष्यवृत्तीसाठी लागणारा उत्पन्नाचा दाखला कृषी विभाग देतो का? शेतीबरोबर दुधाचा जोडधंदा असेल तर उत्पन्न कसे दाखवावे? पीएम किसानचे हप्ते मिळत असल्याचे प्रमाणपत्र बँकेने मागितले आहे, ते कोठे मिळेल? खातेदार पती वारल्यावर त्यांच्या नावाचा लाभ पत्नीला मिळावा यासाठी कोणता पुरावा लागतो? आणि दाखल्याचा अर्ज बरेच दिवस पडून राहिला असेल तर काय करावे?

ज्या कार्यालयाकडे एखाद्या बाबीची मूळ नोंद असते, तेच कार्यालय त्या बाबीचा पुरावा देऊ शकते. जमिनीची व उत्पन्नाची नोंद महसूल विभागाकडे, अनुदानाची नोंद ज्या विभागाची योजना त्याच्याकडे आणि पैसे खात्यात जमा झाल्याची नोंद बँकेकडे असते. हे लक्षात न घेतल्यामुळे शेतकऱ्यांना एका कार्यालयातून दुसऱ्या कार्यालयात हेलपाटे घालावे लागतात, म्हणून ते सुरुवातीलाच सांगत आहे.

उत्पन्नाचा दाखला कृषी विभाग देत नाही. तो तहसील कार्यालयातून मिळतो आणि त्यासाठी आपले सरकार संकेतस्थळावर स्वतः किंवा गावातील आपले सरकार सेवा केंद्रातून अर्ज करावा लागतो. अर्जासोबत ओळखीचा व पत्त्याचा पुरावा, सातबारा, ८अ म्हणजे खातेदाराच्या गावातील एकूण जमिनीचा उतारा, तलाठी म्हणजे आताच्या ग्राम महसूल अधिकाऱ्यांचा उत्पन्नाचा अहवाल आणि आपले स्वयंघोषणापत्र जोडावे. दाखला एका किंवा तीन आर्थिक वर्षांच्या उत्पन्नाचा मिळतो आणि त्याची मुदत ३१ मार्चला संपते. त्यामुळे शिष्यवृत्तीसाठी किती वर्षांचा दाखला हवा, हे महाविद्यालयातून आधी विचारून घ्यावे. एका वर्षाचा काढला आणि तीन वर्षांचा मागितला, तर सगळे पुन्हा करावे लागते. ८अ उतारा गावनिहाय असतो. शेजारच्या गावात जमीन असल्यास तेथील ८अ वेगळा काढावा, नाहीतर अहवाल अपुरा राहतो. डिजिटल स्वाक्षरीचा सातबारा महाभूमीच्या संकेतस्थळावर १५ रुपयांत मिळतो आणि तो शासकीय कामासाठी चालतो.

उत्पन्न किती दाखवावे, हा या सगळ्यातील खरा अवघड भाग आहे. शेतकऱ्याच्या हाती पगारपत्रक नसते, त्यामुळे अहवालातील आकडा बऱ्याचदा क्षेत्र आणि पीक पाहून, अंदाजाने ठरतो. तो अंदाज वास्तवाला धरून व्हावा, असे वाटत असेल तर वर्षभराची कागदपत्रे आपल्याच घरात असली पाहिजेत. बाजार समितीत माल विकल्यावर मिळणारी हिशोबपट्टी, साखर कारखान्याची वजनपावती व ऊसबिल, दूध संस्थेचे दहा दिवसांचे बिल, हमीभाव केंद्रावरील खरेदीची पावती, बियाणे-खतांची पक्की बिले आणि मजुरीची साधी वहीतील नोंद एवढे एका पिशवीत तारखेप्रमाणे लावून ठेवले, तरी पुष्कळ होते. आपल्याकडे हिशोबपट्टी खिशातच विरून जाते आणि मग आपल्याच शेतीबद्दल दुसऱ्याने धरलेला आकडा मान्य करावा लागतो, याचे मला फार वाईट वाटते.

विक्रीची रक्कम म्हणजे उत्पन्न नव्हे. समजा, दोन एकर कांद्याचे १ लाख ८० हजार रुपये आले आणि रोप, खत, औषधे, लागवड, काढणी, बारदान, वाहतूक, तसेच पट्टीतून कापलेली हमाली, तोलाई व वाराई मिळून १ लाख १० हजार रुपये खर्च झाला, तर हाती राहिले ७० हजार. हे दोन्ही आकडे कागदांसह ग्राम महसूल अधिकाऱ्यांसमोर ठेवावेत. दुधाचेही तसेच करावे. संस्थेच्या बिलांची वर्षाची बेरीज आणि त्यापुढे पेंड, चारा व औषधोपचाराचा खर्च मांडावा. पण जोडधंदा लपवू नये. दाखला कुटुंबाच्या सर्व मार्गांनी होणाऱ्या उत्पन्नाचा असतो आणि स्वयंघोषणापत्रात खोटी माहिती दिल्यास दाखला रद्द होऊन कारवाईही होऊ शकते. शिवाय लाभासाठी कमी लिहून घेतलेले उत्पन्नच पुढे बँकेत कर्जाची परतफेड करण्याची ऐपत दाखवताना आड येते. दुसरे असे की शेतीच्या उत्पन्नाला आयकर लागत नाही, परंतु दूध आणि कुक्कुटपालनाचे उत्पन्न आयकराच्या दृष्टीने शेतीचे उत्पन्न धरले जात नाही, म्हणून शेती आणि जोडधंदा यांचा हिशोब वहीत सुरुवातीपासून वेगळा ठेवावा.

शेतीचे उत्पन्न प्रत्येक प्रमाणपत्रासाठी सारखेच मोजले जाते, असा समज आहे. तो बरोबर नाही. इतर मागासवर्गाच्या नॉन-क्रीमिलेअर, म्हणजे प्रगत गटात मोडत नसल्याच्या प्रमाणपत्रासाठी सलग तीन वर्षांचे उत्पन्न पाहतात आणि त्याची मर्यादा दरवर्षी ८ लाख रुपये आहे, मात्र त्या मर्यादेत पगार आणि शेतीचे उत्पन्न धरत नाहीत. आर्थिकदृष्ट्या दुर्बल घटकांच्या प्रमाणपत्राचीही मर्यादा ८ लाखच असली, तरी तेथे शेतीचे उत्पन्न धरले जाते आणि केंद्र शासनाच्या निकषात ५ एकर किंवा अधिक शेतजमीन असलेले कुटुंब बसत नाही. अर्जात सर्व उत्पन्न स्वतंत्र रकान्यांत, खरे लिहावे. त्यातील कोणते धरायचे आणि कोणते सोडायचे, हे अधिकारी नियमाप्रमाणे ठरवतील.

अल्पभूधारक असल्याच्या दाखल्याचा उत्पन्नाशी संबंध नाही, तो केवळ क्षेत्रावर ठरतो. १ हेक्टरपर्यंत अत्यल्पभूधारक आणि १ ते २ हेक्टरपर्यंत अल्पभूधारक. ठिबक व तुषार संचासाठी केंद्राच्या योजनेत या दोन्ही गटांना ५५ टक्के आणि इतरांना ४५ टक्के अनुदान असल्यामुळे हा दाखला महत्त्वाचा ठरतो.

आता लाभाच्या पुराव्याविषयी. प्रधानमंत्री किसान सन्मान निधीतून पात्र कुटुंबाला वर्षाला ६,००० रुपये तीन हप्त्यांत मिळतात आणि राज्याच्या नमो शेतकरी महासन्मान निधीतून आणखी ६,००० रुपये मिळतात. पीएम किसानच्या संकेतस्थळावर नोंदणी क्रमांक टाकून आणि मोबाइलवर येणारा ओटीपी भरून लाभार्थी स्थिती पाहता येते. तेथे ई-केवायसी, जमिनीची नोंद आणि आधार-बँक जोडणी झाली आहे की नाही, तसेच प्रत्येक हप्त्याची स्थिती दिसते. या पानाची छापील प्रत माहितीसाठी उपयोगी आहे. परंतु तिच्यावर कोणाचीही स्वाक्षरी नसते, त्यामुळे काही बँका ती पुरावा म्हणून घेत नाहीत. अशा वेळी ज्या खात्यात हप्ता आला, त्या शाखेतून शिक्का व सहीसह खातेउतारा घ्यावा. रक्कम प्रत्यक्ष मिळाल्याचा याहून भक्कम कागद नाही. हप्ता कोणत्या खात्यात गेला हेच कळत नसेल, तर आधारशी सध्या कोणती बँक जोडलेली आहे ते आधारच्या संकेतस्थळावर पाहावे. अनेक खाती असली तरी थेट लाभाची रक्कम आधारशी सर्वांत शेवटी जोडलेल्या बँकेत जाते. ‘पैसे आलेच नाहीत’ अशा तक्रारींत पुष्कळदा पैसे विसरलेल्या खात्यात पडून असतात.

अवजारे, ठिबक, फळबाग यांच्या अनुदानासाठी महाडीबीटी या शासकीय योजनांच्या संकेतस्थळावरील आपल्या खात्यात पूर्वसंमतीचे, म्हणजे खरेदीआधीच्या मंजुरीचे पत्र आणि अर्जाची सद्यःस्थिती मिळते. पूर्वसंमतीचे पत्र उतरवून जपून ठेवावे, कारण अनुदानाची बाब कोणती व कोणत्या वर्षी मंजूर झाली, हे त्यातूनच सिद्ध होते. यापूर्वी लाभ घेतलेला नाही, हे दाखवण्यासाठी बहुतेक ठिकाणी स्वयंघोषणापत्र पुरते. १५ एप्रिल २०२५ पासून राज्यातील कृषी योजनांसाठी शेतकरी ओळख क्रमांक बंधनकारक झाला आहे. ज्यांनी अजून काढला नसेल, त्यांनी आधार, आधारला जोडलेला मोबाइल आणि सर्व गावांतील सातबारे घेऊन तो आधी काढावा.

पती वारलेल्या भगिनींच्या प्रश्नाला थोडे सविस्तर उत्तर देणे आवश्यक आहे. पीएम किसानसाठी जमीन १ फेब्रुवारी २०१९ रोजी नावावर असावी, अशी अट आहे आणि तिचा आधार घेऊन ‘तुमचे नाव नंतर लागले, तुम्ही अपात्र’ असे गावात परस्पर सांगितले जाते. ते चुकीचे आहे. खातेदाराच्या मृत्यूमुळे वारसाहक्काने जमीन नावावर आली असेल, तर इतर निकष पूर्ण होत असल्यास वारस पात्र ठरतो. त्यासाठी मृत्यूचा दाखला देऊन प्रथम सातबाऱ्यावर वारसाची नोंद करून घ्यावी, फेरफार म्हणजे जमिनीच्या नोंदीतील हा बदल प्रमाणित झाल्यावर त्याची प्रत व नवा सातबारा घ्यावा आणि मग स्वतःच्या आधारवर नवी नोंदणी करावी. मृत व्यक्तीच्या खात्यातून हप्ते काढत राहू नये. ती रक्कम नंतर परत करावी लागते. वारस नोंद ‘मुलांचे शिक्षण झाल्यावर करू’ म्हणून लांबवणारी कुटुंबे मी पाहतो आणि तेवढी वर्षे पीक कर्ज, विमा, अनुदान या सगळ्यांतच त्या घरातील बाईची अडवणूक होत राहते.

अर्ज पडून राहण्याविषयी कायदा स्पष्ट आहे. महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम, २०१५ नुसार अधिसूचित सेवा ठरलेल्या मुदतीत मिळणे हा आपला हक्क आहे; उत्पन्नाच्या दाखल्यासाठी ही मुदत १५ दिवसांची आहे. अर्ज क्रमांकाची पोच घेतल्याशिवाय केंद्रातून निघू नये, कारण मुदत त्या पोचवरूनच मोजली जाते. अर्ज नाकारला तर कारण लेखी मागावे. मुदत संपल्यावर किंवा नकार मिळाल्यावर ३० दिवसांत त्याच विभागातील प्रथम अपील प्राधिकाऱ्यांकडे अपील करता येते, त्यानंतर द्वितीय अपील आणि शेवटी राज्य सेवा हक्क आयोग आहे. पुरेशा कारणाशिवाय विलंब करणाऱ्या अधिकाऱ्यास ५०० ते ५,००० रुपये दंडाची तरतूद आहे. दाखला ‘लवकर काढून देतो’ म्हणणाऱ्या मध्यस्थाला पैसे आणि आधारचा ओटीपी देण्यापेक्षा हा मार्ग अधिक सुरक्षित आहे.

अनुदान वितरणाची जुनी नोंद संकेतस्थळावर दिसत नसेल, तर संबंधित कार्यालयात माहितीच्या अधिकाराखाली १० रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावून अर्ज करावा. त्यात योजनेचे नाव, वर्ष, गाव आणि लाभार्थ्याचे पूर्ण नाव लिहून ‘अनुदान अदा केल्याच्या नोंदीची प्रमाणित प्रत मिळावी’ एवढीच नेमकी मागणी करावी. ३० दिवसांत उत्तर देणे कार्यालयावर बंधनकारक आहे आणि त्यातून मिळणारी प्रमाणित प्रत बँकेत व इतर कार्यालयांत पुरावा म्हणून देता येते.