फ्रेंच नावांना आपल्यासारखे अर्थ असतात का, की नुसतेच गोड आवाज? मुलीसाठी एखादं सुचवाल का?

असतात. खरं तर इथेच थांबायला हवं. पण ‘नुसतेच गोड आवाज’ हे शब्द मी आमच्या दाजींच्या तोंडून गेली कित्येक वर्षं ऐकतोय, त्यामुळे उत्तर लांबणार आहे. दाजी म्हणजे ताईचे यजमान. कराडजवळच्या एका शाळेतून मराठीचे शिक्षक म्हणून निवृत्त झालेले, आणि नात्यातल्या निम्म्या पोरांची नावं त्यांच्या वहीतून निघालेली.

आमची मुलगी 2019 मध्ये तुलूझला झाली. फ्रान्समध्ये जन्माची नोंद पाच दिवसांत नगरपालिकेत करावी लागते, आणि ती नावासकट. आपल्याकडे दाखल्यावरचा नावाचा रकाना कोरा ठेवून वर्षभर निवांत चर्चा करता येते, तसं नाही. पाच दिवस चुकले की प्रकरण कोर्टात जातं. आता आपलं बारसं बाराव्या दिवशी. म्हणजे आत्याने बाळाच्या कानात नाव सांगायच्या आत आठवडाभर ते सरकारदरबारी चढलेलं असणार. ताईला हे सांगितलं तेव्हा ती म्हणाली, “पाचवीला आपल्याकडं सटवाई येते नशीब लिहायला. तुमच्याकडं कारकून येतो व्हय?”

नाव आम्ही ठेवलं ओरोर. लॅटिनमधल्या ‘अरोरा’वरून, अर्थ पहाट. माझ्या आईचं नाव उषा. आणि हे नुसतं अर्थाने जुळवलेलं नाही, शब्दच एक आहे. संस्कृतातली उषस् आणि लॅटिनमधली अरोरा एकाच मुळातून फुटलेल्या. दोन स्वरांच्या मधे सापडलेल्या ‘स’चा लॅटिनमध्ये ‘र’ झाला, एवढाच फरक. ग्रीकांची पहाटेची देवी एओस, तीही याच घरातली. मग सरळ उषाच का नाही? एक तर फ्रेंच माणूस ते ‘यूशा’ असं काहीतरी वाचतो. दुसरं कारण बायकोचं. ती म्हणाली, “सासूबाई धडधाकट आहेत. त्यांचं नाव घेऊन मी पोरीला रागवू कशी?” (माझा एक मित्र म्हणतो की बऱ्याच सुना नेमकं त्यासाठीच हे नाव ठेवतात.)

बारसं व्हिडिओ कॉलवर झालं. पाळणा शेजारणीकडून आणलेला, चणे भारतीय दुकानातून. बायकोच्या दोन मैत्रिणींनी ‘गोविंद घ्या, गोपाळ घ्या’ केलं आणि मी मोबाइल बाळाच्या कानाशी धरला. ताईने तिकडून कुर्रर्र केलं, अगदी खणखणीत, आणि म्हणाली, “शर्वरी!” हे नाव तिने म्हणे माझं लग्न ठरलं तेव्हापासून राखून ठेवलं होतं. शर्वरी म्हणजे रात्र. मी पहाट ठेवली, तिने रात्र. कराडमध्ये माझी मुलगी आजही शर्वरी आहे.

त्यानंतर दाजी आले स्क्रीनवर. “ओरोर? म्हणजे दिवसभर ओरड? आपल्या नावांना अर्थ असतो रे. ही फ्रेंच नावं म्हणजे नुसतेच गोड आवाज.” मी उषस् वगैरे सांगितलं. मास्तर माणूस, ऐकून घेतलं. आठ दिवसांनी कुठूनतरी शोधून फोन केला: ज्या बाईचं हे नाव सगळ्यात गाजलं, तिने स्वतःच ते टाकून पुरुषाचं नाव घेतलं की! खरं आहे. 1804 साली पॅरिसमध्ये जन्मलेली ओरोर द्युपँ हीच पुढे जॉर्ज सँड झाली. 1832 पासून तिची पुस्तकं त्या नावाने आली. पण यात नावाचा काय दोष? त्या काळी बाईने गंभीर काही लिहिलं तर वाचणार कोण, हा प्रश्न होता. तिच्याआधी सोफी जर्मँ या गणिती बाईने गणितज्ञ लाग्रांज आणि गाउस यांना पत्रं लिहिली तीही ‘मस्य लब्लाँ’ या पुरुषी नावाने. सोफी म्हणजे प्रज्ञा. अर्थ इतका चांगला असूनही लपवावाच लागला. दाजी यावर म्हणाले, “विषय बदलू नकोस.”

तर विषय न बदलता सांगतो. दाजींचा मुद्दा असा की अर्थ चांगला म्हणून आपण नाव ठेवतो. फ्रेंच नावांना अर्थ भरपूर आहेत, पण चांगलेच असतील असं नाही. क्लोद हे नाव लॅटिनमधल्या ‘लंगडा’ या शब्दाशी जोडलेलं आहे. चित्रकार मोने क्लोद, संगीतकार देब्युसी क्लोद. सेसिलच्या मागे ‘आंधळा’ हा शब्द आहे, आणि सेंट सेसिल ही तिकडे संगीताची संरक्षक संत. पोल म्हणजे छोटा. ब्लेझ म्हणजे बोबडा. ब्लेझ पास्कालचं पूर्ण नाव उलगडलं तर ‘ईस्टरचा बोबडा’ असं काहीतरी होतं, आणि आज हवेचा दाब त्याच्या नावाने मोजतात. आपण तरी काय वेगळं करतो? वक्रतुंड, लंबोदर, एकदंत म्हणत रोज आरती करतोच की.

आणि प्येर. हे नाव सगळ्यांना माहीत असतं, पण फ्रेंचमध्ये प्येर म्हणजे चक्क दगड. रस्त्यावर पडलेल्या दगडालाही तोच शब्द. प्येर क्युरी, प्येर द फर्मा, ही सगळी आपली दगडू आणि धोंडू मंडळी. महर्षी कर्व्यांचं नाव धोंडो, त्यावर कोणी हसत नाही. फरक एवढाच की तिकडे दगड मान म्हणून आला: येशूने सायमनला ‘तू खडक आहेस, तुझ्यावर मी माझं चर्च उभारीन’ म्हटलं, त्यावरून. आपल्याकडे तो भीतीपोटी आला: आधीची मुलं जगली नाहीत, तर याला दगड म्हणा, केर म्हणा, म्हणजे यमाची नजर पडायची नाही.

सगळ्यात जास्त मला जे बोलायचं होतं ते हे. फ्रेंचमध्ये देझिरे असं नाव आहे. अर्थ ‘हवीहवीशी’, जिची वाट पाहिली ती. मार्सेची देझिरे क्लारी आधी नेपोलियनशी लग्न ठरलेली, पुढे त्याच्याच सेनापतीशी, बेर्नादोतशी, लग्न करून स्वीडनची राणी झाली. आणि आमच्या सातारा जिल्ह्यात काय होतं? नकुशी. नको असलेली. 2011 साली जिल्हा प्रशासनाने अशा अडीचशेहून जास्त मुलींची पुन्हा बारशी केली, तेव्हा पेपरात आलं होतं. दाजींनी आयुष्यभर हजेरीपटावर ते नाव वाचलं. अर्थ होता की त्याला! कोणाला शंका येऊ नये इतका स्पष्ट अर्थ होता. हे मी त्यांना फोनवर बोललो. ते गप्प झाले, आणि मग महिनाभर बोलले नाहीत. मी थोडं कमी बोलायला हवं होतं, हे आता कळतं. पण मुद्दा चूक नव्हता.

अर्थाची माझी स्वतःची कथा ऐका. माझं नाव हृषीकेश, म्हणजे इंद्रियांचा स्वामी. पुण्यात चार वर्षं शिकलो, एकानेही अर्थ विचारला नाही आणि निम्म्यांनी ‘ऋषिकेश’ लिहिलं. तुलूझला ऑफिसात पहिल्याच आठवड्यात तिघांनी अर्थ विचारला, आणि उच्चार मात्र एकालाही जमला नाही. ‘ह’ ते खातात, ‘र’ घशातून काढतात. आता मी रिशी.

एक फ्रेंच नाव मराठी माणसाला माहीत असायलाच हवं, म्हणून सांगतो. महादजी शिंद्यांच्या कवायती पलटणी ज्याने उभ्या केल्या आणि 1790 च्या राजस्थानातल्या पाटण आणि मेडत्याच्या लढाया ज्याने गाजवल्या, तो आपल्या पुस्तकांतला द बॉयन. त्याचं नाव बेन्वा, म्हणजे आशीर्वाद लाभलेला. आडनाव मुळात लबोर्न्य, म्हणजे एकाक्ष, एक डोळा नसलेला. बापाचा कातड्याचा धंदा. पठ्ठ्याने आडनाव बदलून ‘द ब्वान्य’ असं भारदस्त करून घेतलं आणि हिंदुस्थानात कमावलेला पैसा घेऊन आपल्या गावी, शांबेरीला, परतला. गावाला त्याने बरंच दिलं. तिथे त्याच्या स्मरणार्थ 1838 सालचं हत्तींचं कारंजं आहे: चार हत्ती, चौघांची तोंडं बाहेर आणि मागचा भागच नाही, त्यावरून गाववाले त्यांना जे म्हणतात ते इथे लिहीत नाही. आम्ही सुट्टीत मुद्दाम गेलो होतो. शिंद्यांच्या फौजेचा माणूस आल्प्सच्या पायथ्याशी हत्तींवर उभा पाहून कसं वाटतं, ते लिहायला दुसरं उत्तर लागेल.

गोव्याच्या वाचकांसाठी एक. झेवियर. फ्रेंचमध्ये हे नाव ‘ग्झाव्ये’ होतं आणि तिकडे चिक्कार चालतं. मूळ बास्क भाषेतलं, एका वाड्याचं नाव: ‘नवं घर’. म्हणजे आपलं नवघरे. सेंट फ्रान्सिस झेवियर फ्रेंच नव्हता, आजच्या स्पेनमधल्या नवाराचा होता. पण शिकला पॅरिसला, आणि 1534 मध्ये जेझुइट संघाचा संस्थापक इग्नेशियस लोयोला याच्याबरोबर शपथ घेतली ती माँमार्त्रच्या टेकडीवर. आठ वर्षांनी गोव्यात उतरला.

आता, नावं इतकी साचेबंद का वाटतात, याचं कारण अर्थ नव्हे, कायदा आहे. 1803 साली कायदा झाला की नाव कॅलेंडरातल्या संतांचं किंवा प्राचीन इतिहासातल्या माणसाचंच हवं. तो हळूहळू सैल होत गेला आणि गेला एकदाचा 1993 मध्ये. रोजच्या तारखेखाली एक संत, त्या दिवशी त्या नावाच्या सगळ्यांचा सण. पोस्टमन वर्षअखेरीला कॅलेंडर विकायला येतो त्यावर अजून हे छापलेलं असतं. 14 जुलैच्या चौकटीत ‘राष्ट्रीय सण’ याचं फ्रेंच संक्षिप्त रूप असायचं, तर वसाहतींत काही मुलांचं नाव तेच पडलं, फेतनात. आता वाटेल ते नाव ठेवता येतं, फक्त बाळाचं हित बिघडेल असं वाटलं तर नगरपालिका वर कळवते. व्हालाँसिएनच्या न्यायाधीशांनी न्यूटेला हे चॉकलेट स्प्रेडचं नाव नामंजूर करून मुलीचं नाव एला केलं, ते याच नियमाखाली.

तुम्ही मुलीसाठी सुचवा म्हणालात. मला विचाराल तर अर्थाच्या मागे लागूच नका, पण लागायचंच असेल तर आपल्या भाषेशी नाळ असलेली घ्या. झोए: जीवन, आणि ग्रीक ‘झोए’ व आपला ‘जीव’ सख्खी भावंडं. क्लोए: कोवळा हिरवा कोंब, मुळाशी आपलं ‘हरित’. दोन्ही आजीला म्हणता येतात, ही अर्थापेक्षा मोठी गोष्ट आहे. मुलगा असता तर आंब्र्वाझ सुचवलं असतं: ग्रीक ‘अंब्रोतोस’ म्हणजे तंतोतंत आपलं ‘अमृत’, आणि सोळाव्या शतकातला शस्त्रक्रियेतला मोठा माणूस आंब्र्वाझ पारे या नावाचा. किंवा द्यदोने, म्हणजे शब्दशः देवदत्त. मुलीसाठीच अजून एक हवं तर क्लेर घ्या, स्वच्छ प्रकाश. ओरोरसारखी दोन-दोन ‘र’ आलेली नावं मात्र टाळा. आई माझ्या मुलीला आधी ‘ओलोल’ म्हणायची, आता ‘उषे’ म्हणते. स्वतःच्याच नावाने हाक मारते आणि स्वतःच हसते.

आणि फ्रान्समध्ये राहणार असाल तर नावाचं वय बघा, अर्थ नको. 1990 च्या आसपास केविन हे नाव तिथे पहिल्या क्रमांकावर होतं. आयरिश नाव, अर्थ देखणा वगैरे. आज त्या नावाच्या माणसाला पहिल्या भेटीतच लोक मनात एका खणात टाकतात. अर्थ गेला उडत. आमचं ओरोरही ताजं नव्हतं; ऑफिसातल्या दोघी ओरोर माझ्याहून मोठ्या निघाल्या. हे कोणी आधी सांगितलं असतं तर बरं झालं असतं.

दोन-तीन गोष्टी राहिल्या. उच्चार मी कानाला येतात तसे लिहिलेत, फ्रेंचचे शिक्षक रागावतील. द बॉयनचं शांबेरी त्याच्या जन्मावेळी फ्रान्समध्ये नव्हतं, सव्हॉयच्या राज्यात होतं. आणि भारतात राहून फ्रेंच नाव ठेवणार असाल तर यातलं निम्मं तुम्हाला लागू नाही.

अजून एक. फ्रान्समध्ये एकापाठोपाठ कितीतरी नावं नोंदवता येतात आणि त्यातलं कुठलंही रोज वापरता येतं. आमच्या नोंदीत ‘ओरोर उषा’ आहे. तिथे शर्वरीही बसलं असतं. ताईला त्या पाच दिवसांत एक फोन करता आला असता. केला नाही, कारण तिने काय सुचवलं असतं ते मला माहीत होतं.

ताई, दाजी हे तुला वाचून दाखवतीलच. पाच दिवसांचा नियम मी केलेला नाही. फ्रेंच नागरी संहिता, कलम 55.