पहिला माहितीपट करताय? आधी एवढं सांभाळा

ऊसतोड कामगारांवर माहितीपट करायचा म्हणतोस. विषय उत्तम, पण अवाढव्य. उचल (हंगामाआधी घेतलेले आगाऊ पैसे), मुकादम (मजूर पुरवणारा ठेकेदार), कारखाना, मुलांची शाळा, सगळं वीस मिनिटांत कोंबू नकोस. एक कोयता, म्हणजे एक जोडपं निवड आणि त्यांच्याच मागे राहा.

कॅमेरा मोबाइलचा चालेल. पैसे आवाजावर घाल. हललेलं चित्र लोक चालवून घेतात, न कळणारं बोलणं नाही. फडात वारा असतो, पाचट सतत सळसळतं. कॉलर माइकला केसाळ टोपी हवीच.

नवखे हमखास इथे चुकतात:

- पहिल्याच दिवशी कॅमेरा काढतात. आधी दोन-तीनदा नुसता जाऊन बस.
- प्रश्नातच उत्तर देतात. "त्रास होतो ना?" विचारलं की "हो" येतं, संपलं. "काल पहाटे उठल्यापासून काय काय केलंत?" असं विचार आणि गप्प बस. खरं बोलणं बहुतेकदा त्या शांततेनंतर येतं.
- मुकादमाची परवानगी मजुरांचीच समजतात. उचल त्याच्याकडून घेतलेली. त्याच्यासमोर कोण मोकळं बोलेल? जोडप्याला वेगळं विचार, फिल्म कुठे दाखवणार तेही सांग. नको म्हणाले तर विषय संपला.
- रडवं संगीत. कृपया नको.

निवेदनाचीही, म्हणजे चित्रावर मागून बोलणाऱ्या आवाजाची, घाई नको. अमेरिकन दिग्दर्शक फ्रेडरिक वाइझमन यांनी १९६७पासून निवेदनाशिवायच माहितीपट केले.

लेन्स, कलर ग्रेडिंग, फेस्टिव्हल हे सगळं नंतर. आधी दहा मिनिटांचा कच्चा कट कर, मग बोलू.