हो, न्यूयॉर्कलाही झुरळं असतात

प्राजक्ता,

व्हिसा, विमा, लेकीची शाळा हे सगळं सोडून तू मला एवढंच विचारलंस: "ताई, न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागात झुरळं नसतात ना गं? आणि ती नेमकी माझ्याच अंगावर का धावून येतात?" मी हसले नाही. बारा वर्षांपूर्वी निघताना मलाही हेच विचारायचं होतं. लाजेपोटी विचारलं नाही, आणि मग तिकडे जाऊन भोगलं.

तर, असतात. बाहेर गुडघाभर बर्फ असतानाही असतात. तिथल्या जुन्या इमारतींत घर गरम ठेवणारे वाफेचे रेडिएटर हिवाळाभर असे तापतात की लोक थंडीत खिडक्या उघडतात. भिंतीतल्या पाइपाला चिकटून राहणाऱ्या झुरळाला जानेवारी आलाय हे कळणार तरी कसं?

सध्या मी सदाशिव पेठेत आईकडे आहे. परवाच उतरले, त्यामुळे रात्री अडीचला टक्क जागी असते. काल म्हटलं, प्राजक्ताला ऐकीव सांगण्यापेक्षा बघूनच सांगावं. ओटीत आलेला लाल ब्लाउजपीस दुहेरी करून मोबाइलच्या टॉर्चवर गुंडाळला आणि स्वयंपाकघरात स्टूल टाकून बसले. झुरळाच्या डोळ्यांना हिरवा आणि अतिनील उजेड कळतो, लाल जवळजवळ दिसतच नाही. त्यामुळे आपण त्याला बघतो आणि ते समजतं अंधार आहे.

दहा मिनिटांनी सिंकच्या जाळीतून एक आलं. मोठं, तांबूस, मानेवर पिवळसर कडा असलेलं, आपलं नेहमीचं. ओट्यावर मोकळी जागा असताना ते मधून गेलंच नाही. एक मिशी टाइल्सला टेकवून भिंतीच्या कडेकडेने निघालं, आंधळा माणूस काठी टेकत जातो तसं. मिक्सरपाशी थांबलं. पुढच्या पायाने मिशी वाकवून तोंडात घेतली आणि मुळापासून टोकापर्यंत ओढून काढली, आपण सुईत ओवण्याआधी दोरा ओठांतून काढतो ना, अगदी तशी. मिशीवर मेणचट थर साचला की त्याला वास येईनासा होतो, म्हणून ही साफसफाई सारखी चालू असते. झुरळ हा घाणेरडा प्राणी आहे हे मान्य, पण स्वतःच्या मिशांच्या बाबतीत नाही.

मग मी मागून हळूच फुंकर घातली. एवढंच. ते गायब.

त्याच्या शेपटीकडे दोन छोटी शिंगं असतात, त्यांवर बारीक केस. हवा हलली की केस वाकतात आणि साधारण सेकंदाच्या विसाव्या भागात ते वळून पळायला लागलेलं असतं. तू चप्पल उगारतेस तेव्हा चप्पल पोचायच्या आधी चप्पलेची हवा पोचते. पळतं ते सेकंदाला दीड मीटरपर्यंत, म्हणजे तासाला पाच किलोमीटरच्या वर. संध्याकाळी लक्ष्मी रोडला कुणी त्या वेगाने चालून दाखवावं. एरवी सहापैकी तीन पाय कायम जमिनीवर असतात, पण अगदी जिवावर बेतलं की पुढचं अंग उचलून मागच्या दोन पायांवर धावतं. कोणत्या बाजूला पळणार तेही आधी सांगता येत नाही. धोक्यापासून दूर जाणाऱ्या तीन-चार ठराविक कोनांपैकी एखादा कोन ते निवडतं. कुठला, ते बेडकालाही कळत नाही आणि तुझ्या सासूबाईंच्या केरसुणीलाही.

ओट्याच्या कडेवरून ते खाली पडलं असं मला वाटलं होतं. पडलं नव्हतं. अमेरिकेतल्या बर्कली विद्यापीठाच्या संशोधकांनी 2012 मध्ये हे संथ चित्रणात पकडलं: धावता धावता मागच्या पायांच्या आकड्या कडेला अडकवायच्या, झोका घ्यायचा आणि कडेच्या खालच्या बाजूला उलटं चिकटायचं. तू फरशीवर शोधत बसतेस आणि ते ओट्याच्या पोटाला लटकलेलं असतं.

आता तुझा दुसरा प्रश्न. ते तुझ्या अंगावर येत नाही. त्याला फट हवी असते. पाठीला वर आणि पोटाला खाली काहीतरी टेकलं की त्याचा जीव शांत होतो. तू दिवा लावतेस, किंचाळतेस, पाय आपटतेस. हवा हलली, उजेड झाला, आणि त्याची फट असते तुझ्या मागच्या फ्रिजखाली. वाटेत तू. शिवाय लख्ख उजेडात गाउनच्या घेराखालची सावली हीच त्यातल्या त्यात बरी जागा. उडणाऱ्याचंही तेच. आपलं मोठं झुरळ वैशाखाच्या उकाड्यात उडतं खरं, पण उडतं म्हणजे बहुतेक वेळा उंचावरून घसरत खाली येतं. नेम धरणं त्याच्या आवाक्याबाहेरचं आहे. पुढच्या वेळी जागची हलू नकोस, करून बघ. माझ्याने पहिल्या तीन वेळा झालं नाही, चौथ्या वेळी झालं.

आणि फट म्हणजे किती? बर्कलीतच 2016 मध्ये मोजलं गेलं: उभं असताना बारा मिलिमीटर उंच असणारं हे झुरळ तीन मिलिमीटरच्या फटीतून सेकंदभरात पार होतं. पाय दोन्ही बाजूंना पसरून, चपटं होऊन. वजनाच्या नऊशे पट दाब पडला तरी त्याला इजा होत नाही. मऊ स्लिपरने मारलेलं झुरळ उठून चालू का लागतं, ते कळलं ना?

आता क्वीन्सकडे वळते. तिकडे तुझी गाठ या मोठ्याशी फारशी पडणार नाही. ते तळघरात, गटारात असतं, न्यूयॉर्कचे लोक त्याला लाडाने 'वॉटरबग' म्हणतात, म्हणजे झुरळ म्हणायला नको. शास्त्रीय नावात 'अमेरिकाना' असलं तरी ते मूळचं आफ्रिकेतलं. घरात असतं ते दुसरं: जेमतेम दीड सेंटिमीटरचं, फिकट तपकिरी, डोक्यामागे दोन काळ्या रेघा. पुण्यात हॉटेलात बिलाच्या फोल्डरमधून पळतं ना, तेच. त्याला म्हणतात जर्मन झुरळ. प्राण्यांना शास्त्रीय नावं देणाऱ्या लिनियसने 1767 मध्ये नाव ठेवलं आणि खापर जर्मनांच्या माथी फुटलं. 2024 मध्ये सतरा देशांतल्या झुरळांचे जनुक तपासले तेव्हा निघालं की ते जर्मनीचं नाहीच. सुमारे 2100 वर्षांपूर्वी आपल्याच बाजूला, भारत-म्यानमारच्या पट्ट्यात, रानातल्या आशियाई झुरळापासून ते वेगळं झालं, माणसाच्या घरात शिरलं आणि मग व्यापाऱ्यांच्या नि सैन्यांच्या सामानातून पश्चिमेला गेलं. म्हणजे देश सोडून तिकडे स्थायिक होण्यात ते आपल्या फार पुढे आहे.

त्याला पंख असतात पण ते उडत नाही, हा तुझ्यासाठी दिलासा. वाईट बातमी अशी की मोठं झुरळ पंधराएक अंड्यांची डबी कोपऱ्यात चिकटवून निघून जातं, तर हे तीस-चाळीस अंड्यांची डबी फुटायच्या बेताला येईपर्यंत पोटाशी धरून हिंडतं.

माझं पहिलं घर मी भर दुपारी बघितलं. पांढरंशुभ्र स्वयंपाकघर, ताजा रंग, लगेच सही केली. पहिल्या रात्री पाणी प्यायला उठले, दिवा लावला आणि शेगडीच्या मागची भिंत हलली. घरमालक म्हणाला, तुमच्या मसाल्यांमुळे. मसाल्याचा डबा तर मी अजून बॅगेतून काढलाही नव्हता.

मी स्प्रे आणला आणि रोज रात्री मारला. ही माझी चूक, तू करू नकोस. स्प्रेच्या वासाने ती मरण्यापेक्षा जास्त पांगतात, पाइपाच्या भोकातून शेजारी जातात, आणि शेजारचा स्प्रे मारतो तेव्हा परत येतात. दोन महिने आम्ही दोघं आळीपाळीने एकमेकांना झुरळं पाठवत होतो. धुराचा बॉम्ब तर त्याहून निरुपयोगी, तो फटीत पोचतच नाही. शेवटी गुण आला तो झुरळांसाठीच्या विषारी जेलने. मुगाएवढे ठिपके बिजागरीपाशी, सिंकखाली, फ्रिजच्या मोटरमागे लावायचे. ते खाऊन झुरळ फटीत जाऊन मरतं, बाकीची त्याची विष्ठा आणि प्रेत खातात आणि तीही मरतात. ऐकायला किळसवाणं आहे, पण काम होतं. जेलवर स्प्रे मात्र कधीही मारू नकोस, मग ती त्याला तोंड लावत नाहीत. आणि एका जेलचा गुण येईना तर दुसरं आण. काही जर्मन झुरळांना ग्लुकोज चक्क कडू लागतं, गोड आमिषातून पिढ्यान् पिढ्या जी वाचली त्यांची ही अवलाद.

दिव्याचं बटण, सिंकखालचा पाइप भिंतीत शिरतो ती जागा, रेडिएटरचा पाइप जमिनीतून वर येतो ती जागा: तिथली भोकं बुजवून घे. मालकाकडूनच घे. तीन किंवा जास्त घरांची इमारत असेल तर 2018 च्या शहर कायद्याने घर झुरळमुक्त ठेवणं ही त्याची जबाबदारी आहे. त्याने टाळाटाळ केली तर 311 ला, म्हणजे शहराच्या तक्रारींच्या नंबराला, फोन. मला हे दीड वर्षाने कळलं. तुझ्या लेकीला बालदमा आहे म्हणालीस, म्हणून हे जोर देऊन सांगते. झुरळांची विष्ठा आणि टाकलेली कात यांची धूळ दम्याला फार वाईट. मेलेली झुरळं झाडण्यापेक्षा ओल्या फडक्याने पुसून घ्यायची.

घर बघायला नवऱ्याला एकट्याला पाठवू नकोस. जाल तेव्हा सिंकखालचं कपाट उघडा, फ्रिजच्या दाराचं रबर वाकवून आत बघा, ड्रॉवर काढून मागे टॉर्च मारा. वाटलेल्या मिऱ्यांसारखे काळे ठिपके दिसले तर नमस्कार करून निघा.

सामानाचं. किराणा दुकानातून आणलेली पुठ्ठ्याची खोकी नकोत, पुठ्ठ्याच्या पन्हळीत अंड्यांची डबी आरामात बसते. माळ्यावरचा कुकर न्यायचाच असेल तर गरम पाण्याने धू, हँडलच्या खाचेसकट. मिक्सर नेऊच नकोस, तिथे वीज 120 व्होल्टची आणि मोटरची ऊब झुरळांना फार आवडते. भाजणी, गोडा मसाला घट्ट झाकणाच्या डब्यात. आणि झुरळांचा तो पांढरा खडू, जो आई तुला चार तरी देईल, तो इथेच ठेव. अमेरिकेत असे खडू विकायलाही बंदी आहे, आणि लहान मूल तो खडू समजून पाटीवर ओढेल. बोरिक पावडरीच्या कणकेच्या गोळ्याही लेक लहान आहे तोवर नकोत.

समोर आलंच तर भांडी घासायच्या साबणाचं पाणी फवारायच्या बाटलीत भरून ठेव. ती श्वास घेतात अंगावरच्या भोकांतून, साबणाच्या पाण्याने ती भोकं बंद होतात. तेवढ्यासाठी जवळ जावं लागतं, हे कबूल.

कालचं ते झुरळ परत आलं नाही. आई मात्र उठली, लाल उजेडात मला स्टुलावर बसलेली बघून म्हणाली, "काय गं, देवघरातला दिवा पडला का?" झुरळ बघतेय म्हटल्यावर म्हणाली, "तिकडे नसतात वाटतं," आणि पाणी पिऊन झोपायला गेली.

मी 9 तारखेपर्यंत इथे आहे. बॅगा भरायच्या आधी एकदा ये, जेलची एक ट्यूब दाखवते, लावायची कशी ते बघून जा.