मैदानावरचे प्रश्न : सारखं अंतर, वेगळं पदक

प्रश्न : २०१९ च्या दोहा जागतिक अॅथलेटिक्स स्पर्धेतली पुरुषांची गोळाफेक नुकतीच पुन्हा पाहिली. रायन क्राउझर आणि टॉम वॉल्श दोघांचीही फेक २२.९० मीटर. मग क्राउझरला रौप्य आणि वॉल्शला कांस्य का? वॉल्शनं तर ते अंतर आधी गाठलं होतं. टोकियो ऑलिंपिकमध्ये उंच उडीतल्या दोघांनी सुवर्ण वाटून घेतलं, तसं इथे का झालं नाही?

उत्तर : आधी फेकल्याचा फायदा गोळाफेकीत मिळत नाही. सर्वोत्तम अंतर सारखं आलं की पंच दोघांची त्याखालची फेक पाहतात, तीही सारखी असेल तर तिसरी. टोकियोत बार्शिम आणि ताम्बेरी यांच्याही चुकलेल्या उड्या आधी मोजल्याच होत्या. २.३७ मीटरपर्यंत दोघांची एकही उडी चुकली नव्हती, म्हणून तिथे बरोबरी सुटली नाही. दोहात ती लगेच सुटली, कारण वॉल्शकडे दुसरी फेकच नव्हती.

त्या रात्रीचा क्रम आठवून पाहा. वॉल्शनं पहिल्याच फेरीत २२.९० टाकली. जागतिक स्पर्धेचा तोवरचा विक्रम वेर्नर ग्युंटरचा होता, १९८७ सालचा, २२.२३ मीटर. वॉल्शनं तो एका फेकीत ६७ सेंटीमीटरनं मागे टाकला. त्यानंतरच्या त्याच्या पाचही फेका फाऊल. शेवटच्या फेरीपर्यंत तरीही तोच पुढे होता. मग चौथ्या स्थानावर असलेला जो कोव्हॅक्स वर्तुळात उतरला आणि २२.९१ टाकून थेट पहिला आला. त्याच्यामागून क्राउझर आला : २२.९०. क्राउझरकडे आधीच्या फेऱ्यांतली आणखी एक भक्कम फेक जमा होती. रौप्य तिच्यामुळे मिळालं. ब्राझीलचा दार्लान रोमानी २२.५३ टाकून चौथा राहिला. त्याआधीच्या कुठल्याही जागतिक स्पर्धेत एवढ्यावर सुवर्ण मिळालं असतं. मी गोळाफेकीच्या पुष्कळ स्पर्धा पाहिल्या, यापेक्षा मोठी पाहिलेली नाही.

आणखी एक गोष्ट सांगतो, कारण मी स्वतः बरीच वर्षं पंच म्हणून टेप धरली आहे. गोळाफेकीत माप पूर्ण सेंटीमीटरमध्ये लिहितात आणि वरचे मिलिमीटर सोडून देतात. २२.९०१ असो की २२.९०९, कागदावर २२.९० च येतं. म्हणजे त्या दोघांचे गोळे अगदी एकाच रेषेवर पडले असतील असं नाही. दुसरी फेक पाहण्याचा नियम मला म्हणूनच न्याय्य वाटतो. डोळ्यालाही न दिसणाऱ्या फरकावर पदक ठरवण्यापेक्षा सहा संधींत कोण जास्त टिकलं हे पाहणं बरं.

हा नियम मुलांना कळत नाही तेव्हा मात्र फार जीव तुटतो. एका स्पर्धेत मी गोळा पडतो त्या बाजूला उभा होतो. एका मुलाला आपली फेक पसंत पडली नाही. रागारागानं तो वर्तुळाच्या पुढच्या बाजूनं बाहेर गेला. लाल निशाण, म्हणजे फेक फाऊल. पुढे तिसऱ्या क्रमांकासाठी त्याची बरोबरी झाली आणि समोरच्या मुलाची दुसरी फेक अगदी साधी निघाली. याच्या टाकून दिलेल्या फेकीची खूण तिच्याहून चांगली हातभर पुढे होती. मी ती मातीत पाहिली होती. पण लाल निशाणानंतर मोजायचं नसतं.

प्रश्न : पण ओळीनं पाच फाऊल? एवढ्या मोठ्या खेळाडूचा तोल सुटतो कसा? घाबरला असेल का?

उत्तर : नाही, मला तसं वाटत नाही. मागे कोण होतं ते बघा. कोव्हॅक्स २०१५ चा जगज्जेता, क्राउझर रिओचा ऑलिंपिक विजेता, वॉल्श स्वतः २०१७ चा जगज्जेता. अशा माणसांपुढे २२.९० वर विसंबून हात राखून फेकणं परवडत नाही. तो प्रत्येक वेळी सगळं पणाला लावत होता.

आणि जागा किती? वर्तुळाचा व्यास २.१३५ मीटर. एवढ्यात दीड गिरकी घ्यायची, ७.२६ किलोचा गोळा मानेला चिकटून ठेवायचा आणि सेकंदाला साधारण १४ मीटर वेगानं सोडायचा. सुटल्यावर अंगातला वेग कुठे जाणार? तो माणसाला पुढे ओढतो. समोर १० सेंटीमीटर उंचीची फळी असते. तिच्या आतल्या बाजूला पाय टेकला तर चालतो, वरच्या कडेला नुसता लागला तरी फाऊल. गोळा सुटताक्षणी पायांची अदलाबदल करून, एका पायावर उड्या घेत आत थांबायचं असतं. मी हिशेब करून पाहिला : गोळा १ सेंटीमीटर लांब जायला वेग सेकंदाला जेमतेम ३ मिलिमीटरनं वाढावा लागतो. एवढ्यासाठी माणूस फळीच्या अगदी टोकापर्यंत जातो आणि कधी पलीकडेही.

प्रश्न : माझा मुलगा १४ वर्षांचा आहे. दोहातले तिघंही गिरकी घेऊनच फेकत होते. त्याला सरळ गिरकीच शिकवू का?

उत्तर : घाई करू नका. आधी जागेवरून फेकू द्या, मग मागून सरकत येणारी ग्लाइड. कंबर आधी फिरते आणि हात शेवटी येतो, हे अंगात मुरलं की गिरकी द्या. वयोगटाप्रमाणे हलका गोळाच द्या, मोठ्यांचा गोळा दिला की मनगट आणि कोपर दुखावतात.

आणि पहिल्या दिवसापासून एक सवय लावा. फेक कशीही पडो, गोळा जमिनीवर पडेपर्यंत आत थांबायचं, तोल सावरायचा आणि वर्तुळाच्या मागच्या अर्ध्या भागातून चालत बाहेर यायचं. सरावातसुद्धा.