एस्टोनियाच्या राजधानीला, टालिनला पहिल्यांदा निघालाय? मग एवढंच धरा

गाइडबरोबर दोन तासांत सगळं पाहायचा हट्ट नको. जुन्या टालिनमधल्या डॅनिश-स्वीडिश खुणा शोधायला तीन जागा पुरतात.

१. डॅनिश राजाची बाग: १२१९ मध्ये डेन्मार्कचा राजा दुसरा वाल्डेमारची लढाई हातची जात असताना आभाळातून लाल-पांढरा झेंडा पडला, तोच डेन्मार्कचा झेंडा झाला, अशी आख्यायिका. शहराच्या नावाचा अर्थही 'डेनांचं (डॅनिश लोकांचं) नगर' असा लावतात. बागेत अंगरख्यातले ब्राँझचे भिक्षू उभे आहेत. टोपीखाली डोकावा, चेहराच नाही! मी तर दचकलोच होतो.

२. टूम्पेआ टेकडीवरचं डोम चर्च: भिंतीभर कोरीव कुलचिन्हं, आणि स्वीडिश सेनापती पोंटस दे ला गार्दीची कबर.

३. सेंट मायकलचं स्वीडिश चर्च. छोटंसंच आहे.

नवखे हमखास चुकतात ते टाउन हॉल चौकात. तिथली घरं 'स्कँडिनेव्हियन' म्हणून फोटो काढतात. तो थाट मुख्यतः हान्सा या मध्ययुगीन व्यापारी शहरांच्या संघातल्या जर्मन व्यापाऱ्यांचा. डेन्मार्कने १३४६ मध्ये हा मुलूख विकला, स्वीडन होता १५६१ ते १७१०. एवढे आकडे लक्षात ठेवा आणि प्रत्येक इमारतीपाशी गाइडला बिनधास्त विचारा, 'हे कुणाच्या काळातलं?' बाकी सनावळ्या पुढच्या खेपेला.

आणि चपला नकोत. दगडी फरसबंदी पावसात भलतीच निसरडी होते.